रिकामी जागा आणि उसना सूर : एका न आलेल्या ट्रॅप गाण्याविषयी

(कंधार येथे झालेल्या जाहीर व्याख्यानाचे शब्दांकन. बोलण्यातली बोली शक्यतो तशीच ठेवली आहे.)



विषयाचा फलक लागल्यापासून मला तीन जणांनी एकच प्रश्न विचारला. ट्रॅप म्हणजे काय, सापळा का? हो, सापळाच. अमेरिकेतल्या अटलांटा शहरात नशेचा माल जिथे विकला जातो त्या घराला तिथली पोरं ट्रॅप म्हणतात. आत शिरायला सोपं, बाहेर पडायला अवघड. त्या घरांच्या आसपास वाढलेल्या मुलांनी जे रॅप केलं, त्याला पुढं तेच नाव पडलं. २००३ साली टी. आय. नावाच्या रॅपरनं आपल्या अल्बमच्या नावातच हा शब्द घातला आणि तो पक्का झाला. आज नांदेडच्या लग्नात वाजणाऱ्या डीजेच्या रिमिक्समध्येही त्या संगीताचे ठोके असतात. वाजवणाऱ्याला ते कुठून आले याचा पत्ता असतोच असं नाही.

आज मी एकाच गाण्यावर बोलणार आहे, आणि ते गाणं प्रसिद्ध झालेलं नाही. म्हणजे कंपनीनं काढलं नाही, गायकांच्या अल्बममध्ये नाही. तरीही २०१९ मध्ये ते जगभर लाखो लोकांनी ऐकलं. शेवटी आणखी एका न आलेल्या गाण्याबद्दल थोडं बोलेन, ते आपल्या तालुक्यातलं आहे. खरं तर त्याच्यामुळंच मी या विषयात पडलो.

तर पहिलं गाणं. गाणारे दोघे, यंग नुडी आणि प्लेबॉय कार्टी, दोघेही अटलांटाचे. संगीत पिएर बोर्न याचं. गाण्याचं मूळ नाव या सभागृहात घ्यायला जरा संकोच वाटतो, त्यात लहान बाळाच्या ओल्या लंगोटाचा उल्लेख आहे. (हशा) ऐकणाऱ्यांनी त्याला ‘किड क्युडी’ असं नाव ठेवलं आणि तेच चाललं, आपणही तेच वापरू. कार्टी आणि बोर्न ही जोडी २०१७ च्या ‘मॅग्नोलिया’ या गाण्यापासून गाजलेली. २०१८ चा कार्टीचा ‘डाय लिट’ हा अल्बम बराचसा बोर्ननंच घडवलेला. २०१९ च्या मे महिन्यात नुडी आणि बोर्न यांचा ‘स्लिमेर’ नावाचा अल्बम आला. हे गाणं त्यात असणार म्हणून लोक वाट बघत होते. अल्बम आला, गाणं नव्हतं.

का नव्हतं, ते नंतर. आधी त्याच्या आवाजाकडे येऊ.

मी सोबत हे तुणतुणं आणलंय. माळेगावच्या यात्रेत वाघ्याच्या खांद्याला तुम्ही सगळ्यांनी बघितलंय. खाली लाकडाचं पोकळ नळकांडं, तळाला कातडं, बाजूला काठी, काठीला खुंटी आणि एक तार. एकच. (वाजवून दाखवतात) यातून चाल निघत नाही. निघतो तो एकच सूर, तोही ठेक्यात. त्याच्या जोडीला हातात मावणारी दिमडी, मुरळीच्या हातात घाटी आणि दोन-तीन गळे. एवढ्या सामानावर रात्रभर जागरण चालतं. आता सांगा, तिथं काही कमी पडतं असं तुम्हाला कधी वाटलंय का? नाही वाटत. कारण एका तारेनं आणि दिमडीनं जी जागा मोकळी सोडलेली असते, तिच्यात गळा येऊन बसतो.

ट्रॅपचं जे कमीत कमी सामानाचं रूप आहे, त्याची गोष्ट याहून फार वेगळी नाही. ‘किड क्युडी’मध्ये मोजून काय काय आहे? एक छोटासा सुरेल तुकडा, जो गाणं संपेपर्यंत पुन्हा पुन्हा येत राहतो. खाली खर्जातला एक लांबणारा दणका. वर झांजेसारखी बारीक किरकिर. मध्ये टाळी. आणि गळे. गिटार नाही, व्हायोलिनचा ताफा नाही, कडव्यांच्या मधलं संगीत म्हणतात तसलं काही नाही.

तो जो दणका आहे त्याला ही पोरं ‘एट-ओ-एट’ म्हणतात. हे एका यंत्राचं नाव. जपानच्या रोलँड कंपनीनं १९८० मध्ये टीआर-८०८ नावाची ठेका वाजवणारी पेटी काढली. खऱ्या ढोल-ड्रमच्या जागी वापरता येईल असा कंपनीचा विचार होता, पण तिचा आवाज खऱ्या ड्रमसारखा मुळीच नव्हता. साधारण १२,००० नग विकले गेले आणि १९८३ मध्ये उत्पादन बंद पडलं. मग त्या पेट्या जुन्या बाजारात स्वस्तात मिळू लागल्या, आणि ज्यांच्याकडे पैसा नव्हता त्यांच्या हातात गेल्या. तिथून पुढचा इतिहास त्यांनी घडवला.

या पेटीतला ढोलाचा ठोका म्हणजे आतल्या विजेच्या मंडलाला दिलेला एक धक्का. धक्का बसला की ते मंडल घुमतं आणि हळूहळू शांत होतं. घुमणं किती लांबवायचं ते एका बटणानं ठरतं. पूर्ण लांबवलं की तो ठोका राहत नाही, खर्जातला सूर होतो. संबळाच्या जाड बाजूवर आकडी घासली की जो घुमारा निघतो, तो आठवा. ट्रॅपवाल्यांनी हा घुमारा सुरात लावला, वरखाली सरकवला आणि त्यालाच बेस केलं. म्हणजे ढोल आणि बेस ही दोन कामं एकानंच केली. सामान कमी होण्याचं पहिलं कारण हे.

इथं एक व्यावहारिक गोष्ट सांगतो, कारण घरी जाऊन तुम्ही मोबाईलवर असलं गाणं लावाल आणि म्हणाल, सर म्हणत होते ते काही ऐकू येईना. हा खर्ज सेकंदाला चाळीस-पन्नास कंपनांच्या आसपास असतो. मोबाईलचा नखाएवढा स्पीकर शे-दोनशेच्या खालचं धड वाजवतच नाही. मग मोबाईलवर ही गाणी चालतात कशी? तर हे लोक तो खर्ज मुद्दाम थोडा फाडतात. फाटलेल्या आवाजात मूळ सुराच्या दुपटीचे, तिपटीचे वरचे सूर तयार होतात. ते मोबाईल वाजवतो, आणि आपला कान त्या वरच्या सुरांवरून खालचा न वाजलेला सूर स्वतःच भरून घेतो. तेव्हा मोबाईलवर तुम्ही जो बेस ऐकता तो बराचसा तुमच्या डोक्यात वाजत असतो. हेडफोन लावले तर कानात, आणि डीजेसमोर उभं राहिलात तर छातीत. (हशा)

वरची किरकिर, म्हणजे हाय-हॅट, तिची गंमत लयीत आहे. ठेका संथ असतो, टाळी निवांत पडते. झांज मात्र दुपटीनं, चौपटीनं, मध्येच तिपटीनं पळते आणि पुन्हा जागेवर येते. आपल्या हलगीवाल्याच्या डाव्या हातातल्या बारीक काडीचं काम बघा. जाड काठी ठोका देते आणि बारीक काडी तिच्या भोवती किरकिरत राहते. पाय संथ ठोक्यावर पडतात, खांदे बारीक काडीवर हलतात. ट्रॅपवर पोरं नाचतात तेही असंच.

आणि गळे. कार्टी या गाण्यात ज्या आवाजात गातो त्याला लोक ‘बेबी व्हॉइस’ म्हणतात. गळा आवळून, उंच, लाडिक, शब्दांची टोकं खाऊन टाकणारा. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला वाटलं, फाईल खराब आहे. नुडीचा आवाज त्या मानानं जाड आणि बोलल्यासारखा. दोघांच्या मागं सतत बारीकसारीक ओरडे, हुंकार आणि एकेक शब्द फेकलेले असतात, त्यांना ‘ॲड-लिब’ म्हणतात. शाहिराच्या मागं झीलकरी उभे असतात ना, कडव्याच्या शेवटी ‘जी जी’ करून ओळ उचलून धरणारे, त्यांचंच हे काम. फरक एवढाच की इथं झीलकरी स्वतः गायकच असतो. आपणच गातो आणि आपल्याच मागं उभा राहून झील ओढतो. यात मला थोडं एकटेपण ऐकू येतं. तुम्हाला वाटेल, हे सर जरा जास्तच ऐकतात.

आता शब्द. गाण्यात आहे काय? मी त्याची तरफदारी करायला आलेलो नाही. पैसा, महागडे कपडे, नशा, हत्यार, बायका आणि दोस्त. तेही गोष्टीसारखं नाही, तुकड्यातुकड्यानं. बायकांबद्दलची भाषा तर अशी की ती मी इथं सांगणार नाही, आणि आपल्या पोरांनी ती जशीच्या तशी उचलावी असं मला वाटत नाही. कंधारच्या एका पोरानं मला त्याचं गाणं ऐकवलं होतं, त्यात तो पिस्तूल घेऊन अटलांटाच्या गल्लीत फिरत होता. मी म्हटलं, बाबा, तू एसटीनं कॉलेजला जातोस, एकदा एसटीवर लिही की. तो म्हणाला, सर, एसटी यमकात बसते पण वजन पडत नाही. (हशा) वजन पडतं. आरेच्या जंगलावर मुंबईच्या ‘स्वदेसी’ या गटानं ‘वारली रिव्होल्ट’ केलं, त्यात गाव, जंगल, झाडं सगळं आहे आणि वजन भरपूर पडलंय. त्या गाण्यावर आणखी एक गोष्ट आहे, ती लक्षात ठेवा. आरेतले आदिवासी कार्यकर्ते प्रकाश भोईर यांचं नाव गाण्यावर कलाकार म्हणून छापलेलं आहे. मला पुढं ते लागणार आहे.

तर ‘किड क्युडी’चे शब्द नुसते कागदावर वाचले तर हाती फुशारकी लागते, बाकी काही नाही. पण ते वाचायचे नसतातच. त्या शब्दांखाली जो सुरेल तुकडा फिरत असतो तो उदास आहे. गोड आहे, पण दिवस मावळताना वाटतं तसा गोड. वर बढाई आणि खाली हुरहुर. एक माणूस भरल्या खिशानं मोठमोठ्यानं बोलतोय आणि त्याच्या मागं तिन्हीसांज झालीय. गाण्याचा विषय विचाराल तर माझ्या मते हा आहे, आणि तो शब्दांतून आलेला नाही. उसन्या तुकड्यातून आलाय.

उसना म्हणालो, कारण तो तुकडा बोर्नचा नाही. माई यामाने नावाच्या जपानी गायिकेच्या १९८० च्या गाण्यातून तो घेतलेला आहे. त्या गाण्याचं नाव ‘तासोगारे’. पुढं १९९८ मध्ये ‘काउबॉय बिबॉप’ या कार्टून मालिकेचं शेवटचं गाणं गाऊन याच बाई जगभर ओळखल्या गेल्या. पण ‘तासोगारे’ त्याच्या कितीतरी आधीचं. आता साल बघा. १९८०, जपान. ती एट-ओ-एट पेटी निघाली १९८०, जपान. म्हणजे अटलांटाच्या या गाण्याचा तळही जपानचा आणि सूरही जपानचा, दोन्ही एकाच सालचे. एक जुन्या बाजारातून आलं, दुसरं जुन्या रेकॉर्डमधून.

‘तासोगारे’ म्हणजे कातरवेळ. या शब्दाची फोड फार सुंदर आहे. ‘तो कोण आहे?’ असं विचारण्यातून तो तयार झालाय. उजेड इतका उतरलाय की समोरून येणारा माणूस ओळखू येत नाही, विचारावं लागतं, कोण हाय रं? आपल्याकडं शेतातून परतताना बांधावर कुणी दिसलं की हाच प्रश्न होतो. गंमत अशी की पुढं या गाण्याचंही अगदी तेच झालं, कुणाचं हाय हे, ते ओळखू येईना.

झालं असं. गाण्याची पहिली ओळख म्हणजे कार्यक्रमात कुणीतरी मोबाईलवर धरलेले काही सेकंद. या तुकड्यांना ‘स्निपेट’ म्हणतात. पोरं ते सेकंदच जोडून जोडून तासभर ऐकतात. मग २०१९ च्या एप्रिलच्या सुमाराला पूर्ण फाईल फुटली. कंपनीच्या परवानगीशिवाय, गायकांच्या परवानगीशिवाय. पाठोपाठ मे महिन्यात कुणीतरी ‘लिल कॅम्बो’ असं बनावट गायकाचं नाव लावून, ‘किड कार्टी’ या शीर्षकानं ते स्पॉटिफायवर चढवलं. ते अमेरिकेतल्या ‘व्हायरल ५०’ या यादीत पहिल्या क्रमांकावर गेलं, मग काढून टाकलं गेलं. विचार करा. देशात सर्वांत वेगानं पसरणारं गाणं, आणि त्यावर नुडीचं नाव नाही, कार्टीचं नाही, बोर्नचं नाही. यामाने बाईंचं तर नाहीच नाही. नाव एका चोरट्याचं.

आणि मूळ गाणं अल्बममध्ये का आलं नाही, त्याचं कारण सांगितलं जातं ते असं की त्या जपानी तुकड्याची परवानगी मिळाली नाही. इथं कमी सामानाच्या संगीताची खरी अडचण आहे, मला आज सांगायचंय ते हेच. गाण्यात पन्नास वाद्यं असती तर एक तुकडा काढून दुसरा घालता आला असता. इथं गाण्याची चाल म्हणजेच तो तुकडा. तो काढा, मागं उरतो ठेका आणि बढाई. तुणतुण्याची एक तार तुटली तर दुसऱ्या तारेवर भागवता येत नाही, कारण दुसरी नसतेच. जितकं सामान कमी, तितकं प्रत्येक गोष्टीचं देणं मोठं.

कुणी म्हणेल, एवढ्याशा तुकड्यासाठी काय अडायचं? आपल्याकडचंच उदाहरण घ्या, फक्त बाजू उलटी. २००२ मध्ये अमेरिकेत ट्रुथ हर्ट्स नावाच्या गायिकेचं ‘ॲडिक्टिव्ह’ हे गाणं गाजलं, संगीत डीजे क्विकचं. त्यात मागं चक्क लताबाई गात होत्या. १९८१ च्या ‘ज्योती’ चित्रपटातलं ‘थोडा रेशम लगता है’, संगीत बप्पी लाहिरी. ना विचारलं, ना नाव दिलं. सारेगामा कंपनी कोर्टात गेली, बप्पीदा गेले. २००३ च्या सुरुवातीला लॉस एंजेलिसच्या न्यायालयानं सांगितलं, बप्पी लाहिरींचं नाव छापल्याशिवाय ही रेकॉर्ड विकायची नाही. तेव्हा आपल्या वर्तमानपत्रांत केवढा आनंद झाला होता! आता त्याच तराजूत यामाने बाईंना बसवा. बोर्न मला आवडतो, पण तराजू बदलत नाही. आणि खरं सांगायचं तर परवानगी नाही म्हणून त्यांनी गाणं अल्बममधून बाहेर ठेवलं, हे नीटच झालं. ज्यानं फाईल फोडली त्यानं मात्र सगळ्यांचंच नुकसान केलं. कार्टीची अशी कितीतरी गाणी फुटली. पुढचा अल्बम ‘व्होल लॉटा रेड’ यायला २०२० चा २५ डिसेंबर उजाडला, आणि लोकांनी फुटलेल्या रूपात पाठ केलेली बरीच गाणी त्यात नव्हती.

म्हणून मी आज तुम्हाला ‘किड क्युडी’ ऐकवणार नाही. ‘तासोगारे’ ऐकवेन, ते रीतसर मिळतं.

आता आपल्याकडं येतो.

प्रसिद्ध न झालेलं गाणं ही कल्पना आपल्याला नवी वाटायचं कारण नाही. मराठवाड्यात गायलेल्या गाण्यांतली किती रेकॉर्डवर आली? जात्यावरच्या ओव्या घ्या. पुण्याच्या हेमा राईरकर आणि गी पॉइत्वँ यांनी गावोगाव फिरून एक लाखाहून जास्त ओव्या गोळा केल्या, हजारावर गावांतून. बर्नार्ड बेल या संगीत-अभ्यासकानं त्यातल्या हजारो ओव्या ध्वनिमुद्रित केल्या. बीड जिल्ह्यातल्या माजलगावच्या बायकांनी गायलेल्या बाबासाहेबांवरच्या ओव्याही त्यात आहेत. २०१७ पासून ‘पारी’ या संकेतस्थळावर हा संग्रह क्रमाक्रमानं येऊ लागला. तिथं प्रत्येक ओवीखाली गाणाऱ्या बाईचं नाव असतं, गाव असतं, मुद्रणाची तारीख असते. ज्या बाईचं नाव रेशनकार्डाशिवाय कुठं छापलं गेलं नसेल, तिचं नाव तिच्या ओवीखाली आहे.

आणि आवाज म्हणून ओवीकडं बघा. जात्याची घरघर, म्हणजे खर्ज. न थांबणारी, एकाच सुरात, पोटात जाणवणारी. वर एक गळा. मधूनमधून दुसरीनं उचललेली ओळ, झील. दाणे टाकायला हात वळतो तिथं किंचित थांबा. यापेक्षा कमी सामानात गाणं होईल का? एट-ओ-एटची पेटी या बायकांनी रोज पहाटे हातानं फिरवली म्हणा ना.

माझ्या भाच्याला हे मी सांगितलं नव्हतं, त्याला ते आपोआप सुचलं. गावाकडं, बारूळच्या धरणाच्या बाजूला, माझी आई राहते. वय ऐंशीच्या पुढं. जातं आता कोपऱ्यात पडून आहे, वर कुंडी ठेवलीय. भाचा दिवाळीत गेला, आईला म्हणाला, आजी, ओव्या म्हण. जात्याशिवाय तिला ओवी येईना. सुरुवातच सापडेना. मग ती जमिनीवर बसली, मोकळा हात फरशीवर गोल फिरवायला लागली, आणि ओव्या यायला लागल्या. फरशीवर तळहात घासल्याचा आवाजही मोबाईलमध्ये आलाय.

पोरानं घरी येऊन त्याचं गाणं केलं. आईच्या दोन ओळींचा तुकडा घेतला, सूर थोडा वर चढवला आणि फिरवत ठेवला. खाली खर्ज लावला. हाय-हॅट लावली नाही. फरशीवरच्या हाताचा घास होता ना, तोच कापून त्यानं झांजेच्या जागी बसवला. वर स्वतःचे शब्द, थोडेच. पुण्यात कंपनीत बारा तासांची पाळी, खोलीवर सहा जण, आणि गावाकडून आलेला फोन उचलायचा राहून गेला, एवढाच विषय. आईची ओवी होती पंचमीला भाऊ न्यायला आला नाही त्याची. दोन्ही एकमेकांवर असे बसले होते की मी ऐकून गप्प झालो. वाट बघणारी आजी आणि न पोचणारा नातू, आणि दोघांना एकमेकांचे शब्द माहीत नाहीत.

तो म्हणाला, मामा, टाकू का यूट्यूबवर? मी म्हटलं, आजीला विचारलास का? म्हणे, आजीचंच आहे की, तिला काय विचारायचं?

बघा, बोर्नला वकील लागतो. आपल्याला वाटतं घरचंच आहे. कायद्याचं म्हणाल तर ओवी परंपरेची, तिच्यावर कुणा एकाची मालकी नाही. पण गाणारीचा तिच्या गायनावर हक्क असतो. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात १९९४ च्या दुरुस्तीनं कलावंताचा हक्क स्पष्ट लिहिला गेला, तो पन्नास वर्षं टिकतो. माळेगावच्या यात्रेत जाऊन वाघ्याचं तुणतुणं मोबाईलवर धरून त्याचा बीट करणारी पोरं मी बघितलीत. चांगले बीट आहेत. खाली नाव बीट करणाऱ्याचं, वाघ्याचं नाही. हे पोरांच्या वाईटपणामुळं होतं असं मी म्हणत नाही. त्यांना कुणी सांगितलेलंच नाही की तो वाघ्याही कलावंत आहे आणि त्यालाही नाव आहे. ज्या कंधारनं गुराखीगडावर गुराख्यांचं साहित्य संमेलन भरवलं, तिथं तरी हे सांगायला लागू नये.

तर आम्ही दोघं गावी गेलो आणि आईला गाणं ऐकवलं. हेडफोन घालून, म्हणजे खर्ज नीट ऐकू यावा. ती ऐकत राहिली. पहिलं वाक्य काय बोलली? “माझा आवाज एवढा बारीक कशाला करलालास रे? मी काय लहान लेकरू हाव?” (हशा) म्हणजे कार्टीचा बेबी व्हॉइस तिनं बरोबर पकडला. मग म्हणाली, पुन्हा लाव. पुन्हा लावलं. तिसऱ्यांदा ऐकताना तिनं हात वर केला, थांबव म्हणून.

गाण्यात पुढं तिची दुसरी एक ओवी होती. तिच्यात तिच्या थोरल्या भावजयीचं नाव येतं. कधीकाळी दोघींत काही झालं होतं, त्याचा सल त्या ओवीत आहे. भावजय वारून वर्षं झाली. आई म्हणाली, “ही जात्यावर म्हणायची व्हती. जातं कुणाला सांगत नसतंय. ही काढ.” पहिली ओवी राहू दे, म्हणाली. पंचमीची सगळ्यांचीच असती.

आता या उत्तराला कुठलं कलम लावाल? तिला पैसे नकोत, नावही तिनं मागितलं नाही, ते आम्ही देणारच होतो. तिनं मागितलं ते एवढंच की एक ओवी घरात राहू द्या. मी तिला अडाणी वगैरे मुळीच समजत नाही, पण खरं सांगतो, हा फरक मलाही सुचला नव्हता. काही गाणी आली नाहीत म्हणून अडलेली असतात, आणि काही न येण्यासाठीच असतात. दोन्हींना आपण एकच शब्द लावतो.

(श्रोत्यांतून प्रश्न : मग ते गाणं आलं का?)

नाही आलं. पोरगा नाराज झाला होता, कारण दुसऱ्या ओवीवरच गाण्याचा शेवट होता आणि तीच त्याला जास्त आवडत होती. दुसरा तुकडा बसवून बघितला, बसेना. मी आधी म्हटलं तेच झालं, काढलं की भोक पडतं. आता त्यानं ती जागा तशीच ठेवलीय. तिथं सोळा मात्रा नुसता खर्ज चालतो आणि फरशीवरचा हात. गळा नाही. पंचमीला तो गावी जाणार आहे, आजीला पुन्हा ऐकवायला. तिनं होय म्हटलं तर येईल.

(प्रश्न : सर, थोडं ऐकवा की.)

तिला विचारलेलं नाही. ‘तासोगारे’ लावतो. पुढच्या रांगेतल्या पोरांनो, ते दोन स्पीकर जरा भिंतीपासून पुढं ओढा, खर्ज घुमतोय.